वेव्ह लोडिंग: दुसरी लाट खरंच हलकी जाते का?

औशाचा_गोळा (लातूर)

राम राम मंडळी. वय २४, वजन ७१ किलो, पोलीस भरतीची तयारी करायलोय. ग्राउंडच्या ५० मार्कांपैकी १६०० मीटरचे २० आणि १०० मीटरचे १५, ह्या दोन्हीत फारशी चिंता नाही. घोडं अडलंय गोळ्याच्या १५ वर. ७.२६० किलोचा गोळा वर्षभरापासून ७.२० मीटरच्या पुढं जायलाच तयार नाही.

जिम तीन वर्षं चालू आहे. स्क्वॉट (बार खांद्यावर घेऊन मारायची बैठक) १२५ किलोवर येऊन बसला तो बसलाच. ट्रेनरनं सांगितलं, ताकद आहे पण झटका नाही, वेव्ह लोडिंग कर. म्हणजे असं: १०५ किलोचे तीन स्क्वॉट, ११० चे दोन, ११५ चा एक. ही पहिली लाट. मग परत खाली यायचं, पण अडीच किलो वर: १०७.५ चे तीन, ११२.५ चे दोन, ११७.५ चा एक. प्रत्येक सेटनंतर चार मिनिटं आराम.

आता गंमत ऐका. दुसऱ्या लाटेतले १०७.५ चे तीन हे पहिल्या लाटेतल्या १०५ च्या तीनपेक्षा हलके जातात. सहा आठवडे झाले, एकदाही उलटं झालं नाही. आणि हे निवांत वातावरणात नाही बरं का. संध्याकाळी नीटच्या पोरांची गर्दी असते. चार मिनिटं बसलं की कुणीतरी बारवरच्या प्लेटा काढून नेतो, मग मी जिमभर फिरून दुसऱ्या जमवतो. एवढी चिडचिड होऊनही हलकेच जातात.

दोन प्रश्न. एक, हे हलकं लागतं कामून? दोन, ह्यानं गोळा वाढतो का? कारण स्क्वॉट वाढल्यासारखा वाटतोय, गोळा मात्र जिथल्या तिथं आहे.

भर_उन्हातला (परभणी)

आपल्याकडं लाट म्हणजे एकच, मे महिन्यातली. पाण्याची लाट तुमच्या लातूरला २०१६ साली मिरजेहून रेल्वेनं आली होती. ही तिसरी कुठली काढली?

लोखंडप्रेमी (छ. संभाजीनगर)

चांगला धागा. जरा सविस्तर लिहितो.

वेव्ह लोडिंगचा सगळा डोलारा पोस्ट ॲक्टिव्हेशन पोटेन्शिएशनवर उभा आहे असं सांगतात. म्हणजे जड वजन उचललं की स्नायू 'जागा' होतो आणि पुढचा सेट सोपा जातो. घरचं उदाहरण: भरलेली घागर उचलून ठेवली आणि लगेच अर्धी उचलली तर ती हातात उडी मारते. आत काय होतं, तर मायोसिन ह्या स्नायूतल्या प्रथिनाच्या एका छोट्या साखळीला फॉस्फेट चिकटतो आणि तेवढ्याच कॅल्शियमवर स्नायू जास्त जोर लावतो.

पण गोम अशी आहे की हा परिणाम अर्ध्या मिनिटात निम्म्यावर येतो. तुम्ही तर चार मिनिटं बसता. तोवर त्याची राखही उरत नाही. उरतं ते दुसरंच काहीतरी: तापलेला स्नायू, त्यात जास्त भरलेलं रक्त-पाणी, आणि मोठ्या मोटर युनिटना (म्हणजे मज्जातंतू आणि त्याच्या हुकमातले स्नायूतंतू) एकदा मारून ठेवलेली हाक. शिवाय ११५ खांद्यावर घेतल्यावर १०७.५ ची भीती जाते, हेही कमी नाही.

म्हणून फायदा होतो, पण थोडा. आणि मुरलेल्या माणसाला जास्त होतो, कच्च्याला नुसता थकवा येतो. म्हणूनच मला तुमचं 'दरवेळी' खटकतंय. मी अकरा वर्षं उचलतोय. माझी दुसरी लाट कधी हलकी जाते, कधी नाही, कधी नाकातून धूर काढते. सहा आठवड्यांत एकदाही उलटं नाही, हे जरा जास्तच गोड आहे.

एक काळजी घ्या. आपल्या कमाल उचलीच्या ९० टक्क्यांच्या वरचं काम मोजून करा. प्रिलेपिन ह्या सोव्हिएत प्रशिक्षकाच्या तक्त्यात ९० टक्क्यांच्या वर एका दिवसात ४ ते १० उचली एवढीच मर्यादा आहे. तुमच्या दोन लाटांत ते बसतं. चौथी लाट काढायचा मोह झाला तर घरी जा.

कालचा_पोरगा (हिंगोली)

मी पण करू का? जिम लावून ३ महिने झाले. स्क्वॉट ५० आहे.

लोखंडप्रेमी (छ. संभाजीनगर)

@कालचा_पोरगा: नको. तुझं वजन अजून दर आठवड्याला वाढतंय ना? मग लाटाबिटा कशाला? पाच-पाच उचलींचे ३ सेट, दर आठवड्याला अडीच किलो वाढव. विहिरीला पाणी आहे तोवर बोअर मारू नये.

पाटोद्याचा_पैलवान (बीड)

आमच्या वेळी ही असली नावं नव्हती. वस्ताद शंभर जोर, दोनशे बैठका मारून घ्यायचे आणि दम खायच्या आत म्हणायचे, 'चल, दोरावर.' पाय लटलट कापायलेत अन् वर चढायचं. मारुतीच्या पारापाशी उचलायची दगडी नाल होती. ती छातीपर्यंत आणली की लगेच जोडीदाराला ढाक डाव मारायला लावायचे. कधी विचारलं नाही कामून, पण नाल ठेवल्यावर जोडीदार कापसाच्या गाठोड्यासारखा उडायचा एवढं आठवतंय. हेच ना तुमचं पोटेन्शि का काय ते?

तालुक्याचं नाव सांगायला नको. २०१८ च्या राष्ट्रकुलात ५७ किलोत सुवर्ण कुणी आणलं, राहुल आवारेनं. लाल मातीतलं पोरगं.

औशाचा_गोळा (लातूर)

काका, मान्य. पण मग आमच्या रामलिंग मुदगडचे हरिश्चंद्र बिराजदार पण लिहा की. १९६९ चे महाराष्ट्र केसरी.

पाटोद्याचा_पैलवान (बीड)

लिहिलं. ते तर सगळ्यांचेच. पण धागा तुझ्या गोळ्याचा आहे, तिकडं ये. गोळा टाकताना कोपर कुठं असतं तुझं? खाली पडत असंल तर तो गोळा नाही, चेंडू फेकायलास तू. मैदानावर मी निम्मी पोरं अशीच बघतो. मांडी खांबासारखी, अन् फेकतात मनगटानं.

स्नॅचवाली (नांदेड)

मी वेटलिफ्टिंग करते, राज्य पातळीपर्यंत खेळले आहे. आमच्याकडे लाट ही रोजची भाजी-भाकरी. स्नॅचमध्ये (बार जमिनीवरून एका दमात डोक्यावर) कमाल वजनाच्या ७० टक्के, ७५, ८०, मग खाली येऊन ७२, ७७, ८२. स्क्वॉटपेक्षा इथे ती जास्त शोभते असं माझं मत, कारण स्नॅच हळू करताच येत नाही. बार मंदावला की तो खालीच पडतो, म्हणजे लाट कुठे संपवायची हे बारच सांगतो. स्क्वॉटमध्ये माणूस डोळे बाहेर येईपर्यंत रेटतो आणि त्यालाच झटका समजतो.

पॉवर म्हणजे जोर गुणिले वेग. ११५ चा एक स्क्वॉट चार सेकंद वर येत असेल तर त्यात जोर भरपूर आहे, वेग जवळजवळ शून्य. गोळा हातात किती वेळ असतो? डोळा मिटून उघडेपर्यंत गेलेला असतो. माझा सल्ला: तीन-दोन-एक ठेवा, पण टक्के उतरवा आणि प्रत्येक उचल जमेल तेवढ्या वेगाने वर न्या. किंवा जड तीननंतर लगेच उड्या मारा.

आणि कृपा करून बार तोलून घ्या. पुरुषांचा बार २० किलोचा, बायकांचा १५ चा, हे स्पर्धेत. गावातल्या जिममध्ये मी '२० चा' म्हणून वापरलेला बार १६ चा निघाला होता.

लातूर_पॅटर्न_सर (लातूर)

मी ट्यूशनमध्ये भौतिकशास्त्र शिकवतो. धागाकर्त्याच्या जिममधली गर्दी बहुधा माझ्याच बॅचची असावी, क्षमस्व.

गणित करून पाहिलं. गोळा जमिनीपासून २ मीटर उंचीवर सुटतो आणि कोन ३७ अंशांचा आहे असं धरा, हवेचा अडथळा सोडून द्या. ७.२० मीटर जायला सुटतानाचा वेग सेकंदाला साधारण ७.३ मीटर लागतो. तो ५ टक्के वाढला, म्हणजे ७.७ झाला, तर गोळा ७.८० च्या आसपास पडतो. जवळपास ६० सेंमीचा फायदा. उलट वेग तोच ठेवून हात १० सेंमी उंच सुटला तर हाती येतात फक्त ७-८ सेंमी.

तात्पर्य, वेगाला पर्याय नाही. पण हा वेग गोळ्याचा, बारचा नव्हे. मांडीतला जोर कंबर, छाती, खांदा, कोपर असा प्रवास करून बोटांपर्यंत पोचेपर्यंत वाटेत किती गळतो, ते पैलवान काका सांगत आहेत. गळका पाइप असेल तर मोटर मोठी करून काय उपयोग?

भर_उन्हातला (परभणी)

सर, हे ट्यूशनमध्ये फुकट शिकवलं असतं तर मी आज इथं नसतो.

लोखंडप्रेमी (छ. संभाजीनगर)

स्नॅचवाली ताईंशी अर्धा सहमत. वेग हवा हे खरं. पण ७१ किलोचा माणूस १२५ चा स्क्वॉट करतो तेव्हा त्याच्याकडे जोराचाच साठा अजून बेताचा आहे. आधी १४०-१५० करा, वेगाचं नंतर पाहू. तलवार असल्याशिवाय धार कशाला लावायची?

स्नॅचवाली (नांदेड)

भरती तलवार तयार व्हायची वाट बघत नाही, दादा.

हाडाचा_डॉक्टर (परभणी)

फिजिओथेरपिस्ट आहे, हाडांचा डॉक्टर नाही, नाव घरच्यांनी ठेवलंय. माझ्याकडं भरतीची पोरं येतात, गुडघ्याच्या वाटीखाली दुखतं म्हणून. सकाळी १६०० मीटर, संध्याकाळी जड स्क्वॉट, मध्ये पत्र्याच्या खोलीत अभ्यास, झोप पाच तास. लाट कितीची घ्यावी ह्याच्या आधी झोप किती तासांची हे लिहा. जड दिवस आठवड्यात एक, फार तर दोन, आणि त्याच दिवशी सकाळी वेगाचं पळणं नको. बाकी चालू द्या.

सोयाबीनचा_भाव (धाराशिव)

खायला काय खाता? शंभर ग्रॅम सोया चंक्समध्ये ५० ग्रॅमच्या वर प्रोटीन असतं. आपण पिकवायचं, मोंढ्यात मिळेल त्या भावानं घालायचं, अन् परत पाकिटातून चौपट भावानं विकत आणायचं. माझं तर ह्याच विचारानं रक्त उसळतं, वेव्ह लोडिंगची गरजच पडत नाही.

औशाचा_गोळा (लातूर)

खातो की. आठवड्यातून चारदा सोया, सहा अंडी, बाकी ज्वारीची भाकरी अन् शेंगदाण्याची चटणी. झोप मात्र डॉक्टरसाहेब म्हणतात तशीच, साडेपाच तास. तिथं चूक माझी.

भट्टीवरचा (जालना)

मी रोलिंग मिलमध्ये आहे. वजनकाट्यावर दिवसाला किती गाड्या जातात ते मोजत नाही. स्नॅचवाली ताईंनी बारचं सांगितलं, मी प्लेटांचं सांगतो.

बहुतेक जिममधल्या प्लेटा बिडाच्या, म्हणजे ओतीव लोखंडाच्या. वाळूच्या साच्यात ओतायच्या, थंड झाल्या की भोक घासायचं, रंग मारायचा. साचा जरा ढिला बसला की वजन वाढलं, मधे हवा अडकली की कमी. तोलून, घासून बरोबर करायचे पैसे कुणी देत नाही. २० लिहिलेली प्लेट १९ ची निघाली तर मी त्याला चांगली म्हणेन. आणि तुमची सगळी लाट उभी कशावर? अडीच किलोवर! मापातच दीड-दोन किलोचा खेळ असेल तर पहिली लाट कुठली, दुसरी कुठली, हे देवाला माहीत.

आधी तोला. मग फॉस्फेटचं बघू.

स्नॅचवाली (नांदेड)

+१००. २०२२ च्या बर्मिंगहॅम राष्ट्रकुलात आपला सांगलीचा संकेत सरगर ५५ किलोत २४८ उचलून रुपेरी ठरला. सुवर्ण गेलं २४९ ला. एक किलो. तेव्हा कुणी 'किलो-दोन किलोनं काय होतंय' म्हणू नका.

औशाचा_गोळा (लातूर)

मंडळी, तोललं. कुठं तोंड लपवावं कळेना.

मामा मोंढ्यात आडतीवर आहेत. जिमच्या मालकाला कसंबसं पटवून रविवारी सकाळी बार आणि मी वापरतो त्या सगळ्या प्लेटा मित्राच्या छोटा हत्तीत टाकून नेल्या. तुरीच्या पोत्यांच्या बाजूला इलेक्ट्रॉनिक काटा होता. हमाल मंडळी जमली. एक म्हणाला, 'ह्याचा भाव काय निघालाय?' मामा म्हणाले, 'तोलाई लागंल.' आकडे असे निघाले:

बार (२० चा म्हणून): १८.२
२० ची पहिली जोडी: २०.१ आणि १९.८
२० ची दुसरी जोडी: २०.३ आणि २०.२
१५ ची जोडी: १३.७ आणि १३.९ (!!)
५ ची जोडी: ४.६ आणि ४.७
२.५ च्या दोन्ही २.४, १.२५ च्या दोन्ही १.२

आता बघा. पहिल्या लाटेला माझे १०५ म्हणजे २० च्या दोन्ही जोड्या आणि २.५ ची जोडी. बार धरून खरं वजन १०३.४. मग मी आरामाला बसतो, कुणीतरी २० ची दुसरी जोडी उचलून नेतो (सर, तुमची बॅच), आणि दुसऱ्या लाटेला मी त्याऐवजी १५ आणि ५ लावतो, वर २.५ आणि १.२५. कागदावर १०७.५. काट्यावर १०२.२.

म्हणजे सहा आठवडे मी दुसऱ्या लाटेला सव्वा किलो *कमी* उचलत होतो आणि म्हणत होतो, हलकं जायलंय!

भर_उन्हातला (परभणी)

😂😂😂 पाणी आलंच नाही, नुसता नळाचा आवाज ऐकून आंघोळ झाली म्हणायची.

लोखंडप्रेमी (छ. संभाजीनगर)

'दरवेळी' खटकतंय म्हणालो होतो. पण खरं सांगायचं तर प्लेटांचा विचार माझ्याही डोक्यात आला नव्हता. अकरा वर्षांत मी एकदाही तोलल्या नाहीत. आज संध्याकाळी बाथरूमचा काटा घेऊन जिमला चाललोय.

लातूर_पॅटर्न_सर (लातूर)

हा प्रसंग उद्या वर्गात 'मापनातील त्रुटी' शिकवताना वापरतोय. नाव सांगणार नाही. आणि पोरांना प्लेटा जागेवर ठेवायला सांगतो.

भट्टीवरचा (जालना)

१३.७! ती १५ ची नव्हेच, साचाच दुसरा असणार. एक उपाय: ऑइल पेंटनं प्रत्येक प्लेटवर खरं वजन लिहून टाका. आणि कमी पडतं तिथं पाव-अर्ध्या किलोच्या साखळ्या टांगा, हार्डवेअरच्या दुकानात किलोवर मिळतात.

हाडाचा_डॉक्टर (परभणी)

एक बाजू जड, एक हलकी लागत नाही ना, तेही बघा. २०.१ एकीकडं आणि १९.८ दुसरीकडं चालून जाईल. पण कुणी २० समजून एका अंगाला १८.५ लावली तर कंबर महिनाभरानं बिल पाठवते.

औशाचा_गोळा (लातूर)

पाच आठवड्यांनी परत आलो, कारण काही लोक धागा काढून पळून जातात, तसं नको.

प्लेटांवर पांढऱ्या रंगात खरी वजनं लिहिली. मालक आधी तडकले, 'माझ्या जिमची बदनामी करायलास का' म्हणून. आता तेच नव्या पोराला दाखवतात, 'आपल्याकडं तोललेला माल आहे.' झोप सात तासांवर आणली, त्यासाठी रात्रीचा मोबाइल आईकडं.

आता खरं वजन लावून लाट घेतो, दुसरी लाट खरोखर अडीचनं वर. दहा वेळा झाली. चार वेळा दुसरे तीन जरा सोपे गेले, दोनदा सारखेच, चार वेळा जड. म्हणजे लोखंडप्रेमी दादा म्हणाले तसंच. तरी लाट सोडली नाही. ११५ घेऊन आल्यावर १०७.५ खाली उभं राहताना छातीत धडधड होत नाही, हे खरंच आहे. आठवड्यात दोनच दिवस घेतो.

स्नॅचवाली ताईंचं ऐकून प्रत्येक तीनच्या सेटनंतर दोन मिनिटं थांबून पाच उभ्या उड्या. दुसऱ्या दोन दिवशी नुसता गोळा, आणि पैलवान काकांचं कोपर. मोबाइलवर शूटिंग केलं तर खरंच कोपर बरगडीला चिकटलेलं. मित्र मागं उभा राहून काडीनं ढोसतो, 'वर! वर!'

गोळा ७.५५. टेपनं तीनदा मोजला.

लातूर_पॅटर्न_सर (लातूर)

३५ सेंमी म्हणजे वेगात साधारण ३ टक्के वाढ. चांगली आहे.

लोखंडप्रेमी (छ. संभाजीनगर)

अभिनंदन! पण हे लाटेनं झालं, उड्यांनी, कोपरानं की झोपेनं, कळायला मार्ग नाही. सगळं एकदम बदललंत.

औशाचा_गोळा (लातूर)

दादा, मला भरती व्हायचंय, प्रबंध नाही लिहायचा.

पाटोद्याचा_पैलवान (बीड)

कोपरानं.

स्नॅचवाली (नांदेड)

उड्यांनी :) बरं, एक विचारायचं राहिलं. सगळं तोललंत, पण ज्या गोळ्यानं सराव करता तो तोललाय का?

औशाचा_गोळा (लातूर)

...उद्या मोंढा बंद हाय. परवा नेतो.